पाण्याच्या वहीतला अंगठा

कतरीनबायवर आजवर कोणी लिहिलं नाही. लिहिणारी माणसं उघाडीवर येत नाहीत, तिथे चिखल असतो. मी तिसरीतून शाळा सोडली, पण सोळा वर्षं त्या चिखलात तिच्यासमोर उभं राहून फळीचं दुसरं टोक धरलं आहे. तेव्हा हे लिहायचा हक्क माझा. शुद्धलेखन ज्याला तपासायचं असेल त्याने खुशाल तपासावं.

उघाडी म्हणजे काय ते आधी सांगतो, कारण आता वसईतल्याच पोरांना ते ठाऊक नाही. खाडीचं खारं पाणी भातशेतीत घुसू नये म्हणून मातीचा लांब बांध असतो. त्या बांधात मध्येच एक दगडी मोरी. मोरीच्या दोन्ही भिंतींना खाचा, आणि त्या खाचांत एकावर एक बसणाऱ्या सागवानी फळ्या. भरती यायच्या आत फळ्या टाकायच्या, ओहोटी लागली की काढायच्या, म्हणजे शेतातलं पावसाचं पाणी खाडीत जातं. एक भरती चुकली की तीन गावांचं भात करपलं, आणि ती जमीन पुढची दोन वर्षं खारट राहिली. एवढं ते काम. सरकारी होतं, पण आम्ही सरकारी नव्हतो. आम्ही सातजण रोजंदारीवर. नाव मस्टरवर असेल तेवढ्या दिवसांची मजुरी.

कतरीनबाय वसईजवळच्या सांडोर गावची. तिचा नवरा इनास आधी या उघाडीवर होता. आणीबाणीच्या तीन-चार वर्षं आधी तो तापाने गेला. मुकादमाने त्याच्या जागी आपल्या नात्यातला एक तगडा माणूस आणला. त्याने पहिल्याच अमावास्येला फळ्या उलट्या क्रमाने टाकल्या. खालची वर, वरची खाली. त्या घासून घासून आपापल्या जागेच्या झालेल्या असतात, हे त्याला कुठून कळणार? फटीतून पाणी आत यायला लागलं. आम्ही नुसते ओरडत होतो. तेवढ्यात बांधावरून लाल लुगड्याचा काचा मारलेली एक बाई आली, नवऱ्याच्या महिन्याच्या मिसाहून, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेहून, परत चालली होती. तिने कपाळाला, छातीला हात लावून क्रूस काढला आणि त्या तगड्याला म्हणाली, "सरक रं, म्हशीच्या." मग कमरेएवढ्या पाण्यात उतरली. कुठली फळी कुठली ते ती नुसत्या हाताने चाचपून सांगत होती. इनास घरी जेवताना फळ्यांबद्दलच बोलत असणार.

दुसऱ्या दिवशी मुकादमाने मस्टरवर तिचं नाव घातलं. बाईमाणूस म्हणून मजुरी आमच्यापेक्षा कमी. ती काही बोलली नाही. तिचं बोलणं साठत असे, आणि वेळ आली की एकदम फळी काढल्यासारखं सुटत असे.

तिच्या खोडी सांगायच्या तर, पहिली खोड ही की काम सुरू करताना आधी देवाचं नाव आणि लगेच खेकड्यांना शिवी. खेकडे बांधाला भोकं पाडतात. ती त्यांच्याशी भाडेकरूंशी भांडावं तशी भांडे. "भाडं देत नाय, वर घर पाडतोस मेल्या!" घरात भिंतीला चर्चचं कॅलेंडर, सण सगळे त्यावरून, पण डोक्यात हिंदूंची तिथी. कारण दर्याला तिथीच कळते. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. "आज चतुर्थी. चारचे तीन. तिनाला भरती पुरी." शाळेचं तोंड न पाहिलेली बाई हा हिशेब चालता चालता करी, आणि मी तिसरीपर्यंत शिकलेला बोटं मोजत मागून जाई.

दुसरी खोड, लुगड्याच्या ओच्यात नेहमी सुकेळ्यांची पुरचुंडी. तिच्या वाडीत राजेळी केळी होती, ती उन्हात वाळवून करायची. काम नीट केलं की न बोलता एक सुकेळं हातावर ठेवी. शाबासकी तिच्या तोंडातून मी ऐकली नाही. सुकेळी मात्र पुष्कळ खाल्ली, हे अभिमानाने लिहितो.

तिसरी, बांधावर ती कधी चप्पल घालत नसे. एकदा नवीन डेप्युटी इंजिनियर आले. तरुण, चकचकीत बूट. शेतात एका बाजूला खारं पाणी झिरपत होतं आणि गळती कुठे आहे ते सापडत नव्हतं. साहेबांनी नकाशा उघडला. कतरीनबाय म्हणाली, "सायेब, बूट काढा."

मुकादमाचा चेहरा उतरला. "ए बाय, कोणाशी बोलतेस?"

"नकाशाला गारवा लागत नाय, पायाला लागतो. काढा सायेब, चोरत नाय मी तुमचे बूट."

साहेब भला माणूस होता. त्याने बूट काढले, मोजे काढले, पँट दुमडली आणि तिच्या मागून चालायला लागला. ऊन तापलेलं, माती कोमट. दोनशे पावलांवर तो थांबला. "इथे गार लागतंय."

"मंग खना."

खणलं. माझा अख्खा हात जाईल एवढं बीळ निघालं, आतून ओलं. कतरीनबायने पेंढा आणि चिकणमाती ठासून ते बुजवलं, हात धुतले आणि साहेबांच्या हातावर एक सुकेळं ठेवलं. साहेबाने ते तिथेच उभ्याने खाल्लं.

आता मुद्द्याचं.

त्या काळी असा नियम होता की रोजंदारीवरच्या माणसाने सलग पाच वर्षं काम केलं, तर त्याला कायम करायचं. म्हणून ऑफिसने एक युक्ती काढलेली. दर तीन-चार महिन्यांनी मस्टरमध्ये आमच्या नावापुढे तीन दिवसांचा खंड दाखवायचा. तीन दिवस घरी बसा, मग पुन्हा नवीन नाव. म्हणजे वर्षं कितीही गेली तरी सलग काही व्हायचं नाही. आम्ही सहाजण मुकादमाने सांगितलं की गुपचूप घरी बसत असू. मी तर ते तीन दिवस मिठागरावर मजुरीला जाई. वाईट वाटत नव्हतं. जगात असंच असतं असं वाटायचं.

कतरीनबाय बसली नाही. पहिल्या खंडाला मुकादम म्हणाला, "बाय, उद्यापासून बुधवारपर्यंत तुझं नाव नाय. घरी बस."

"आन पानी कुठं बसेल?"

"ते मी बघीन."

"तू काय बघशील? तुला पोहता येत नाय."

आणि ती आली. दर खंडाला आली. दोघांची फळी एकटीने, बांबू पहारीसारखा लावून उचलत असे. त्या दिवसांची मजुरी तिला कधी मिळाली नाही. मी एकदा विचारलं, "बाय, फुकट कशाला मरतेस?" ती म्हणाली, "भात काय सरकारचं हाय? मान्सांचं हाय." पुन्हा विचारलं नाही.

अकरा वर्षं अशी गेली. मग वरून हुकूम आला की सगळ्या जुन्या रोजंदारांना कायम करा. आम्हाला वाटलं, दिवाळी आली. ऑफिसात बोलावलं, कारकुनाने प्रत्येकाला एक छापील कागद दिला. खाली सही किंवा अंगठा. मी मोठ्या ऐटीत सही ठोकली. बाकी पाचांनी अंगठे केले. कतरीनबायने कागद घडी करून ओच्यात सुकेळ्यांशेजारी ठेवला.

"कर ना अंगठा," कारकून म्हणाला.

"वाचल्याबिगर? ह्या धर्माकडून वाचून घेते, मंग करते."

धर्मा म्हणजे मी. बांधावर बसून मी तो कागद वाचला. अक्षरं बारीक, भाषा सरकारी. एकेका ओळीला विडीभर वेळ लागत होता. एका ओळीला मी अडखळलो. "मा-गी-ल से-वे-व-र मा-झा को-ण-ता-ही ह-क्क रा-ह-णा-र ना-ही."

"परत वाच."

वाचलं.

"परत."

तिसऱ्यांदा वाचताना माझ्या ध्यानात आलं, असल्याच कागदावर मी सकाळी सही केलेली होती. मागची वर्षं गेली. आमचा पगार आज लागलेल्या पोराएवढा धरणार, अकरा वर्षांची वाढ नाही. आणि कतरीनबायचं तर त्याहून वाईट. तिची निवृत्तीला पाचच वर्षं उरलेली. पेन्शनला दहा वर्षांची नोकरी लागते. मागची अकरा धरली तर पेन्शन, नाही धरली तर साठीनंतर हातात काही नाही.

ती खाडीकडे बघत बसली. मग म्हणाली, "म्हंजे अकरा वर्सं मी नव्हतेच?"

"कागदावर नव्हतीस."

"मंग फळ्या कोन टाकत होता, सांताक्लाव?"

मला हसू आलं, पण तिचा चेहरा बघून गिळलं.

तिने अंगठा केला नाही. आम्ही सहा कायम झालो, ती रोजंदारीवरच राहिली. लोक बोलायला लागले. "मिळत होतं ते घालवलं बाईने." तिच्या भावजयीने तर तोंडावर सांगितलं, "सरकाराशी भांडून कोनाचं भलं झालं?" कतरीनबाय म्हणाली, "तू नवऱ्याशी भांडतेस, तुझं झालं नं?" आणि विषय संपवला.

ऑफिसने कळवलं, दोन महिन्यांत सही नाही तर नाव कमी. ती सांडोरच्या शाळेतल्या मास्तरांकडे गेली आणि अर्ज लिहून घेतला. मास्तर सांगत, बाईने मला चार वेळा खोडायला लावलं. मास्तरांनी "कृपा व्हावी" लिहिलं तर म्हणाली, "कृपा कशाला? कृपा देवाकडं मागते मी. हितं हक्क लिवा." शेवटी एक ओळ तिने आग्रहाने घातली, ती मास्तरांनाही समजली नाही. "सुनावणीला पाण्याची वही आणावी."

बूट काढणाऱ्या साहेबाने अर्ज वर पाठवला आणि निकाल लागेपर्यंत तिचं नाव मस्टरवर ठेवलं. वर्षभराने ठाण्याला मोठ्या साहेबांपुढे सुनावणी लागली. आम्हा सहाजणांनाही बोलावणं आलं, साक्षीला.

ठाण्याच्या एस.टी.त मी तिच्या शेजारी बसलो होतो. घोडबंदर येईपर्यंत धीर केला, मग हळूच म्हणालो, "बाय, एक सांगू? तिथं सांग, खंडाच्या दिवसांत धर्मा माझ्याबरोबर होता. फळीला दोन मानसं लागतात हे सगळ्यांना ठाव आहे. माझीपण वर्षं धरली जातील."

"तू नव्हतास."

"तुझ्या एका शब्दाने काय बिघडतं?"

"त्यांनी खोटं लिवलं म्हनून आपन भांडाय चाललो नं? मंग आपन खोटं बोललो तर भांडन कशाचं?"

मी खिडकीकडे तोंड केलं. राग आला होता. मी रागीट माणूस आहे, अजूनही आहे.

सुनावणीत ऑफिसच्या बाजूने कारकून उभा. त्याने मस्टर उघडून खंडाच्या तारखा धडाधड वाचल्या. "सलग सेवा नाही साहेब. बाई या दिवसांत कामावर नव्हती." मोठे साहेब म्हातारे, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. त्यांनी कतरीनबायला विचारलं, "तुमचं काय म्हणणं?"

"वही बघा."

पाण्याची वही म्हणजे वेगळी. उघाडीशेजारी एक लाल-पांढऱ्या पट्ट्यांचा खांब होता. भरतीला पाणी कुठवर चढलं ते रोज त्या वहीत लिहायचं, आणि बघणाऱ्याचा अंगठा घ्यायचा. मुकादम सकाळी वही आणि शाईचा डबा घेऊन बांधावर येई. कतरीनबाय सांगे, "वरनं चार लाल पट्टे सुके." तो आकडा लिही, ती अंगठा उठवी. ह्या वहीत एकही दिवस रिकामा चालत नसे, कारण रिकामी जागा दिसली की इंजिनियर मुकादमाला फाडून खात. खंडाच्या दिवशी मस्टरमधून मुकादम तिला घरी पाठवी, आणि सकाळी उठून त्याच बाईचा अंगठा घ्यायला बांधावर येई. अकरा वर्षं त्याच्या डोक्यात आलं नाही की दोन वह्या कधी शेजारी ठेवल्या जातील.

मोठ्या साहेबांनी त्या ठेवल्या. एका हाताचं बोट मस्टरवर, दुसऱ्या हाताचं पाण्याच्या वहीवर.

"मुकादम, या तारखेला ही बाई होती का?"

"नव्हती साहेब."

"मग हा अंगठा कोणाचा?"

मुकादम टोपी चुरगाळत उभा. "तिचाच हाय, साहेब."

कारकून पटकन म्हणाला, "बाई आपल्या मर्जीने आली असेल साहेब. कोणी बोलावलं नव्हतं."

कतरीनबायने मुकादमाकडे बोट केलं. "मी माझ्या मर्जीनं आले. मंग हा शाईचा डबा घेऊन कोनाच्या मर्जीनं आला?"

मोठ्या साहेबांनी चष्मा काढून पुसला. मला वाटतं हसू लपवायला. म्हणाले, "ठीक आहे बाई, तुमची सेवा सलग धरतो. बसा."

ती बसली नाही.

"आता काय?"

"हे सहाजन."

"त्यांनी लिहून दिलंय, हक्क नाही म्हणून. आणि त्यांचे अंगठे वहीत नाहीत. ते आले होते?"

ती म्हणाली, "नाय आले. घरी होते." मी डोळे मिटले. ती पुढे बोलत होती. "पन सायेब, त्या तीन दिवसांत दर्या आला का नाय? वहीत लिवलंय, आला. दर्या आला म्हंजे काम होतं. काम होतं, मानसं होती, मंग त्यांना घरी बसवलं कोनी? ते आपनहून बसले नाय. फळी दोघांची हाय, मी एकटीनं उचलली, माझी कंबर विचारा. तो दुसरा कुठं होता ते ह्या मुकादमाला विचारा, त्या धर्माला नका विचारू."

"आणि त्यांनी सही केली ती?"

"ह्या धर्मालाच विचारा वाचता येतं का. माझा कागद त्यानं मला वाचून दाखवला, एका वळीला सकाळची दुपार केली. स्वतःचा न वाचताच सही केली येड्यानं."

सगळे हसले. मी पण. लाजलो नाही, हे सांगून ठेवतो. माझ्या सहीवर हसून माझी अकरा वर्षं परत मिळणार असतील तर जन्मभर हसा.

मोठ्या साहेबांनी बराच वेळ लिहिलं. मग वाचून दाखवलं. काम बारमाही होतं, खंड कामामुळे नव्हे तर कागदासाठी दाखवला, सबब सातहीजणांची सेवा पहिल्या दिवसापासून धरावी आणि पगार त्याप्रमाणे नव्याने ठरवावा.

बाहेर एस.टी.च्या थांब्यावर मुकादम एकटाच एका टोकाला उभा होता. आमच्यातले दोघं त्याला ऐकू जाईल असं बोलायला लागले. कतरीनबायने त्यांच्याकडे बघितलंसुद्धा नाही. ती त्याच्याकडे गेली, ओच्यातून एक सुकेळं काढून त्याच्या हातावर ठेवलं. "खा. तुझ्या शाईनं वाचवलं आमाला."

त्याने खाल्लं. डोळे पुसले की घाम, ते मला लांबून दिसलं नाही.

त्यानंतर चार वर्षं ती उघाडीवर होती, कायम नोकर म्हणून, आमच्या बरोबरीच्या पगारावर. त्यातून तिने वाडीतल्या विहिरीला कठडा बांधला. निवृत्तीच्या दिवशी हारतुरे झाले, ते तिला आवडले नाहीत. दुपारी ओहोटी होती म्हणून कार्यक्रमातून लवकर उठली.

मी तिला शेवटची बघितली ती वसईच्या तिजोरी कचेरीत. पेन्शनवाल्यांना वर्षातून एकदा तिथे हयातीचा दाखला द्यायला जावं लागतं, म्हणजे मी जिवंत आहे हे सरकारला समोर उभं राहून दाखवायचं. मी कोणाच्या तरी कामासाठी गेलो होतो. रांग लांब होती. म्हातारे मास्तर, तलाठी, पोस्टातले, सगळे बाकावर डुलक्या घेत होते. ती उभी होती, लाल लुगडं, पाठ वाकलेली, काठी नाही.

तिची पाळी आली. खिडकीतला नवीन पोरगा मान वर न करता म्हणाला, "कतरीन इनास. हजर आहेत का?"

"मान वर कर," ती म्हणाली.

त्याने केली.

"आता लिव."

तो लिहू लागला. पूर्ण ओळ होईपर्यंत ती खिडकीचे गज धरून त्याच्या पेनाकडे बघत राहिली.